साहेब काट्यावर चढले

देशभरातल्या बालकांच्या पोषणाची फाईल ज्यांच्या सहीनंतरच मंत्र्यांपुढे जाते, ते दिल्लीचे सहसचिव आमच्या अंगणवाडीत येणार होते. आदल्या दिवशी सेविका मनकर्णाबाई घरी आल्या.

"उद्या तू येऊ नोको वं बाई. तुही अन्वी बारीक दिसते. गुटगुटीत लेकरंच बसवाची हायेत."

अंगणवाडीचा वजनकाटा तीन महिन्यांपासून बंद होता. रजिस्टरात मात्र माझी चौदा महिन्यांची अन्वी दर महिन्याला वाढत होती. साहेबांसाठी शेजारच्या गावातून चालू काटा आणला होता, तोही एका दिवसापुरता. म्हणून मी तिला घेऊन गेलेच.

साहेबांनी तिचं पान उघडलं. नऊ किलो. काट्यावर भरली सात किलो दोनशे.

"इनमें से गलत कौन है?" त्यांनी विचारलं.

"काटा, सर," तालुक्याचे अधिकारी म्हणाले.

साहेबांनी बूट काढले आणि स्वतः काट्यावर उभे राहिले. चौऱ्याहत्तर.

"घर पर भी यही आता है. काँटा सही है."

मनकर्णाबाईंनी नऊ खोडून सात दोनशे लिहिलं. अन्वीचं नाव कमी वजनाच्या यादीत गेलं आणि गुरुवारी तिला वर्ध्याच्या डॉक्टरांकडे न्यायचं ठरलं.

गाड्या गेल्यावर मनकर्णाबाई म्हणाल्या, "एवढंसं लिवून घ्याले दिल्लीचा साहेब लागला तुले!"

"लागला," मी म्हटलं, आणि गुरुवारी किती वाजता निघायचं ते विचारलं.