राक्षसाची हलकी पावले

मी एक जुना रबरी राक्षस आहे. खरे तर राक्षसाचा पोशाख. टोकियोच्या कडेला एका स्टुडिओच्या गोदामात मी खुंटीला टांगलेला असतो. पण मित्रांनो, मला स्वस्थ राहता येत नाही. दार उघडून वारा आत आला, की माझी शेपटी हलू लागते.

मला कुरामोची साहेबांनी कल्पिले. ते पटकथा लिहीत आणि दिग्दर्शनही करीत. भुते, अवकाशयाने, राक्षस हाच त्यांचा प्रांत. लागोपाठ चित्रपट पडू लागले, तेव्हा निर्मात्यांनी बजावले, "हाही पडला, तर तुमचा हा शेवटचा."

बांबू, स्पंज आणि रबर यांपासून मी तयार झालो. माझ्या आत अनझाई नावाचा नट शिरे. तो बाहेर आला, की माझे पाय उलटे करून घाम ओतावा लागे.

मला तुडवायला लाकडाचे आणि प्लास्टरचे एक शहर बांधले होते. ते एकदाच मोडता येणार होते. अशा वेळी कॅमेरा जास्त वेगाने चालवतात. मग पडद्यावर हालचाल संथ दिसते, आणि संथ हालचाल जड वाटते. स्पंजाचा प्राणी डोंगराएवढा होतो तो असा.

मी सगळे शहर तुडवले. टाळ्या झाल्या. तेवढ्यात कॅमेरामन हिझुमे मटकन खाली बसला.

"साहेब, वेग वाढवायचा राहिला. सगळं साध्याच वेगात घेतलं."

"म्हणजे मी फुकट उकडलो?" माझ्या पोटातून अनझाई ओरडला.

"रताळ्यासारखा शिजलास, तरी तोंड चालूच तुझं!" साहेब म्हणाले, पण त्यांचा चेहरा उतरला होता.

दुसऱ्या दिवशी पडद्यावर मी टुणटुण उड्या मारत होतो, दचकत होतो, सारखा मागे पाहत होतो. कोणीतरी फिस्सकन हसले. साहेब हसले नाहीत.

"पुन्हा लावा," ते म्हणाले. मग हळूच, "हा चिडलेला नाही रे. घाबरलाय. पिल्लू आहे हे. आईला शोधतंय."

तिथेच बसून त्यांनी पटकथा नव्याने लिहायला घेतली.

"साहेब, मला काढून टाका," हिझुमे मान खाली घालून म्हणाला.

"आणि आईचं चित्रीकरण कोण करणार? तिच्या वेळी वेग विसरलास, तर मात्र बघ."

दुसरा पोशाख परवडणारा नव्हता. मलाच शिंगे लावून, समुद्रात उभे करून आई केले. या वेळी हिझुमेने वेग पुन्हा पुन्हा तपासला. चित्रपट चालला, मुले रडली, आणि साहेब म्हातारे होईपर्यंत राक्षसांचे चित्रपट काढत राहिले.

पण पिल्लूही मीच आणि आईही मीच. त्यामुळे ती दोघे एकाच चौकटीत कधी भेटलीच नाहीत. म्हणून आईला शोधणारे माझे पाय अजून थांबत नाहीत.

आता माझे रबर तडकू लागले आहे. आमच्याकडे जुना पोशाख कापून त्याचा नवा राक्षस करतात. मित्रांनो, मला जपायचे म्हणून नुसते टांगून ठेवू नका. खुशाल कापा. मात्र माझे दोन राक्षस करा, एक मोठा आणि एक लहान. आणि त्यांना एकदा तरी शेजारी शेजारी उभे करा.