चाळीस दिवसांची मुदत

अपिलासाठी कायदा चाळीस दिवस देतो, आणि आमची माणसं वकिलाकडे चौतिसाव्या दिवशी उगवतात. उम्म बहीजही तशीच आली. नवरा गेल्यापासून बावीस वर्षं ती घरमालक हाज मुतवल्लीच्या इमारतीत तळमजल्यावर इस्त्रीचं दुकान चालवत होती. तिने दुकान सोडावं, असा निकाल हाजने मिळवला होता. दुकान गेलं की तिच्या हाताला दुसरं काम नाही, हे सगळ्या गल्लीला माहीत होतं.

इतके दिवस कुठे होता, असं मी जरा चिडूनच विचारलं. "शेजारी अडचण होती, उस्ताज," एवढंच ती म्हणाली. मला वाटलं, असेल कुणाचं लग्नबिग्न. पुढे विचारलं नाही. तीस वर्षं वकिली करून माणसाची जीभ नको तिथे चालते आणि हवी तिथे चालत नाही.

रात्रीत अपील लिहिलं आणि सकाळी कोर्टाच्या खिडकीवर गेलो. तिथला कारकून फिक्री म्हणजे साक्षात छळ. पहिल्या दिवशी म्हणाला, वकील संघटनेचं तिकीट लावलेलं नाही. दुसऱ्या दिवशी एक प्रत कमी भरली. तिसऱ्या दिवशी वकीलपत्रावरचा आकडा दोन आहे की तीन, हे त्याला वाचता येईना, म्हणून मला नोंदणी कार्यालयात पिटाळलं. तुझ्या तपासणीतून देवदूतसुद्धा पास व्हायचा नाही, असं मी त्याला सुनावलं. त्याने चहाचा घोट घेतला आणि उद्या या म्हणाला. एकोणचाळिसाव्या दिवशी शिक्का पडला. मी घरी जाऊन शांत झोपलो.

तारखेला हाजच्या मुलांचा वकील उभा राहिला. कोवळा पोरगा, सूट नवा. त्याने काही वाद घातला नाही, फक्त एक कागद पुढे सरकवला. हाज मुतवल्लीचा मृत्यूचा दाखला. निकालानंतर नवव्या दिवशीच हाज वारला होता. मेलेल्या माणसावर केलेलं अपील मुळातच रद्द. वारसांवर करावं, तर मुदत कधीच उलटून गेलेली. न्यायाधीशांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. मला धरणी पोटात घेईल तर बरं, असं झालं.

बाहेर व्हरांड्यात मी उम्म बहीजला विचारलं, "तुम्हाला माहीत होतं?"

"माहीत नसायला काय झालं? तीन दिवस त्यांच्या घरी बायकांना कॉफी मीच दिली. मुलांचे काळे कपडेही मीच इस्त्री केले."

"मग मला सांगायचं नाही का, बाई?"

"ज्या घरात मय्यत झालीय, त्या घराचं नाव कोर्टाच्या गोष्टीत काढायचं? मरणाचा चाळिसावा दिवससुद्धा झाला नव्हता. लोक तोंडात शेण घालतील." मग ती म्हणाली, "आणि मला वाटलं, तुम्हाला ठाऊक असेलच. दफनाचा परवाना सरकारच देतं ना?"

माझा राग आला कुठून आणि गेला कुठे, मलाच कळेना. फिक्रीने तिकीट पाहिलं, प्रती मोजल्या, दोनाचा तीन होतोय का तेही पाहिलं. ज्याच्यावर अपील आहे तो माणूस जिवंत आहे का, हे ना त्याने विचारलं ना मी. त्याचं ते काम नव्हतं. माझं होतं.

ती भिंतीला टेकली. मग म्हणाली, "हाज मेला म्हणून माझं अपील चालत नाही. पण त्याने मिळवलेला निकाल?"

"तो चालतो. मुलांकडे गेला."

"म्हणजे मेलेला माणूस मला दुकानाबाहेर काढू शकतो, मी त्याला उलट बोलू शकत नाही."

मी हो म्हणालो. कायदा तसाच आहे. तिची माफी मागायची मात्र राहून गेली.