वायर नसलेलं बटण

मित्रांनो, मी एका जुन्या मिक्सरवरचं गोल बटण आहे. स्वयंपाकघरातला मिक्सर नव्हे. गाणी ध्वनिमुद्रित करायच्या खोलीत टेबलभर पसरलेला असतो तो. प्रत्येक वाद्याला एक बटण. उजवीकडे फिरवलं की आवाज चढतो. मीही एके काळी कामाचा होतो. सहा-सात वर्षं इमानेइतबारे आवाज वर-खाली केले. मग कोणीतरी माझ्यावर कॉफी सांडली, आतली वायर जळाली आणि ध्वनिमुद्रण करणाऱ्या काकांनी ती काढून टाकली. नवी लावायची ते विसरले. पुढे तर त्यांनी मुद्दामच लावली नाही, कारण माझा खरा उपयोग त्यांना तेव्हा कळला.

गाणारी-वाजवणारी माणसं काय चीज असतात, ते मला विचारा. प्रत्येकाला स्वतःचाच आवाज कमी वाटतो. कोणी फार डोकं खायला लागला की काका मला पुढे करत आणि म्हणत, घ्या, तुम्हीच करा हवं तसं. तो मला केसभर फिरवी, डोळे मिटी आणि मान डोलावी. आता कसं मस्त वाटतंय म्हणे! कप्पाळ मस्त. मी कशालाच जोडलेला नव्हतो. त्या खोलीत माझ्याइतकी स्तुती कोणाची झाली नसेल, आणि माझ्याइतका रिकामटेकडाही कोणी नव्हता.

मग चौघांचा एक रॉक बँड आला, पहिला अल्बम करायला. गायक हा पुढारी. गिटारही त्याचीच, आणि तोराही. त्याची धाकटी बहीण बेस गिटार वाजवायची. ती कोणाच्या अध्यात ना मध्यात. नऊ गाणी दादाची आणि दहावं तिचं. वडिलांच्या शेवटच्या आजारपणात त्यांच्या उशाशी बसून तिने ते रचलं होतं. दादाला तेव्हा वेळ नव्हता. तिने ते हळू आवाजात, एकदाच गायलं. शेवटच्या ओळीला तिचा श्वास अडकला, तो मुद्रणात तसाच राहिला. तिने एवढंच मागितलं, की याला आता कोणी हात लावू नये.

दादाला ते कुठलं बघवायला! म्हणे गाण्यात जीव नाही, श्वास ऐकू येतो, वर माझी गिटार चढवा. चार दिवस नुसती भुणभुण. शेवटी काकांनी त्याची गिटार गुपचूप बंद केली आणि मला त्याच्या हवाली केलं. दोन तास हा पठ्ठ्या मला कुरवाळत बसला. जरासं डावीकडे, जरासं उजवीकडे. मग खुर्चीला टेकून म्हणाला, बघा, गिटार कशी छान मिसळली. गाण्यात गिटार औषधालाही नव्हती.

अल्बम बाजारात आला. वर्तमानपत्रांनी नऊ गाण्यांची पार सालटी काढली. गाणी नऊ आहेत की एकच नऊ वेळा आहे, असं एकाने विचारलं. दहाव्यावर मात्र सगळे फिदा. लोक ते ऐकून रडले. आणि मुलाखती कोणी दिल्या? दादाने. बहिणीचं गाणं कच्चं होतं, मी एका बटणाने ते घडवलं, असं सांगत सुटला. माझा फोटोसुद्धा छापून आणला. ती शेजारी बसून असायची.

दुसऱ्या अल्बमच्या वेळी काका निवृत्त झाले होते. दादाला आता सगळी गाणी माझ्यावरच घडवायची होती, म्हणून मिक्सर तपासायला त्याने आपला कारागीर आणला. बहिणीने सकाळीच नवं गाणं गायलं होतं. कारागिराने झाकण उघडलं आणि म्हणाला, "याला तर वायरच नाहीये."

मग बहीण म्हणाली, "म्हणजे बाबांचं गाणं मी गायले तसंच आहे, दादा."

मला वाटलं, आता तरी हा ओशाळेल. निदान खाली बघेल. छे! मिनिटभर नाक खाजवलं आणि कारागिराला म्हणाला, "मग जोडा की."

जोडली. इतक्या वर्षांनी माझी दुरुस्ती झाली, मित्रांनो. त्याच दुपारी त्याने तिचं नवं गाणं लावलं, वर आपली गिटार सोडली आणि मला उजवीकडे पार टोकापर्यंत फिरवलं. तिचा एक शब्द ऐकू येईना. ती उठली, बेस गिटार पेटीत ठेवली आणि निघून गेली. पुन्हा आली नाही. दादा मात्र खूश आहे. म्हणतो, आता कुठे गाण्यात जीव आला.

जुन्या वस्तू मनोगताच्या शेवटी सांगतात, आम्हाला पुसा, जपा, दुरुस्त करा. मला तसलं काही नको. तुमच्यापैकी कोणाच्या घरी पक्कड असेल तर ती घेऊन या, आणि माझी वायर तोडून टाका.