एका हाताचा खेळ

आर्डिथ टीटरला कुणी "नाही" म्हटलं की राग यायचा, असं नव्हतं. पण नाही म्हणताना जो माणूस तिच्या डाव्या बाहीकडे बघायचा, त्याच्याशी तिचं वाकडं असे.

ती बाही कोपराखाली रिकामी होती. चार वर्षांपूर्वी भावाच्या कुरणात गवताचे गठ्ठे बांधायचं यंत्र अडकलं, ते मोकळं करायला ती हात घालून बसली, आणि यंत्राने हात परत दिला नाही. धाकटा भाऊ डेन्झिल कुंपणापलीकडून धावत आला, स्वतःच्या कमरेचा पट्टा काढून त्याने तिचा दंड आवळला आणि पिकअपमध्ये घालून तिला डोंगराखाली नेलं, म्हणून ती वाचली. त्यानंतर शाळेची बस चालवायची नोकरी गेली. नवरा त्याच्या आधीच वारला होता. चर्चमधल्या बायका झाकलेल्या भांड्यांतून मॅकरोनी आणि राजमा आणून देत आणि म्हणत, "आता तू नुसतं हातावर हात ठेवून बस, आर्डी."

"त्यालाही दोन लागतात," आर्डिथ म्हणायची, आणि भांडं घासून परत करायची.

एका थंडीत तिची मैत्रीण नेमबाजी क्लबवर पेपरोनीचे, म्हणजे मसालेदार सॉसेजचे काप भरलेले पाव विकायला बसली होती, तिच्या सोबतीला आर्डिथ गेली. क्लब म्हणजे खाणीच्या जुन्या आवारातली पत्र्याची लांबलचक शेड. काचेपलीकडे पिस्तुलांची स्पर्धा चालू होती. आर्डिथने बंदुका लहानपणापासून पाहिल्या होत्या. या डोंगरात हरणाच्या शिकारीच्या मोसमात शाळेला सुट्टी असते. पण ही स्पर्धा तिने कधी पाहिली नव्हती. चौदा-पंधरा पुरुष ओळीने उभे होते. प्रत्येकाचा उजवा हात समोर ताठ, आणि डावा हात पँटच्या खिशात.

ती पाव खायची थांबली.

"हे सगळे एकाच हाताने का मारतायत?"

"नियमच आहे तसा," मैत्रीण म्हणाली. "जुना लष्करी प्रकार. घोड्यावर बसून एका हाताने लगाम धरायचे म्हणे, तेव्हापासूनचा."

आर्डिथ काचेला नाक लावून स्पर्धा संपेपर्यंत उभी राहिली. अख्ख्या जिल्ह्यात एक खेळ असा होता, की ज्यात उतरताना दोन हातांची माणसं एक हात खिशात घालून तिच्या बरोबरीला येत होती. आणि हे तिला चार वर्षांत कुणी सांगितलं नव्हतं.

पुढच्या आठवड्यात ती क्लबचा अध्यक्ष गार्लंड स्टेम्पल याच्यासमोर उभी राहिली. गार्लंड आणि ती शाळेत एका वर्गात होते. त्याने तिच्या बाहीकडे बघितलं.

"सभासद हो की, आर्डिथ. वसंतात भोजन असतं, बायका केक भाजून आणतात."

"मला केक नाही भाजायचे. मला जुन्या लष्करी पिस्तुलांच्या स्पर्धेत उतरायचंय."

"त्या पिस्तुलाला लाथ असते, उडालं की मनगट मागे फेकतं. शिवाय मारायला एक हात पुरतो, भरायला दोन लागतात. वरचा भाग मागे ओढायचा कसा? दातांनी?"

शेडमधली दोघं-तिघं हसली. आर्डिथ हसणाऱ्यांची तोंडं नीट बघून घेऊन म्हणाली, "ते माझं मी बघीन. तू सभासदत्वाची पावती फाड."

भरायचं कसं, हे ती हिवाळाभर स्वयंपाकघरातल्या टेबलावर शोधत बसली. क्लबचे सर्वांत जुने शिक्षक होबार्ट विल्फाँग, ज्यांना सगळा गाव होबार्टकाका म्हणायचा, त्यांनी तिला सरावाला आपलं लहान गोळीचं पिस्तूल दिलं. गुडघ्यांत धरून बघितलं. नळी भलतीकडे वळायची, ते चालणार नव्हतं. पट्ट्याला अडकवून बघितलं, तेच. शेवटी तिने अक्रोडाच्या लाकडाचा एक ठोकळा घेतला आणि त्याला पुढे चिंचोळी होत जाणारी खाच पाडली. ठोकळा पायाने दाबून ती पाडताना दोनदा करवत घसरली. खाचेला आतून सायकलच्या ट्यूबचं रबर लावलं. ठोकळा शिकंज्याने टेबलाला घट्ट बसवायचा, पिस्तूल उलटं करून खाचेत दाबायचं आणि मूठ पुढे ढकलायची. वरचा भाग रबरात अडकून मागे राहतो, पिस्तूल उघडतं, आणि नळी सगळा वेळ समोर, लक्ष्याकडे. पिस्तूल खाचेत रुतलेलं असतानाच मॅगझिनही, म्हणजे गोळ्यांची पेटीही, त्याच हाताने बसवता येते.

होबार्टकाकांनी ते बघितलं, मिशीत काहीतरी पुटपुटले, आणि तिचं प्रशिक्षण पूर्ण झाल्याच्या कागदावर सही केली. गार्लंडने ती सही आठवडे न् आठवडे लांबवली होती.

आता पिस्तूल हवं होतं. फौजेने वापरून बाजूला काढलेली जुनी पिस्तुलं नागरिकांना विकायचा एक कार्यक्रम देशात चालतो. क्लबचा सभासद असावं लागतं, नेमबाजी केल्याचा पुरावा लागतो, मग चिठ्ठी काढल्यासारखा नंबर लागतो. आणि पिस्तूल घरी येत नाही. परवानाधारक दुकानदाराकडे येतं, त्याच्या परवान्याची प्रत आधी जोडावी लागते. गावात असं दुकान एकच होतं. डेन्झिलचं.

डेन्झिल काउंटरमागे गळ निवडत होता. तिचं बोलणं त्याने खाली मान घालूनच ऐकलं.

"नाही," तो म्हणाला.

"का?"

"का काय, आर्डी? ते सव्वा किलोचं लोखंड आहे. तुला पिस्तूलच पाहिजे तर हे घे." त्याने कपाटातून एक छोटं, हलकं रिव्हॉल्व्हर काढलं. त्याची मूठ गुलाबी होती. "घरात ठेवायला बरं. एकटी राहतेस."

"मला घरात ठेवायला नकोय. मला ओळीत उभं राहायचंय."

"ते लोक तुझी थट्टा करतील."

"करतातच. आता निदान माझ्या हातात पिस्तूल असताना करतील."

 डेन्झिलने रिव्हॉल्व्हर परत ठेवलं आणि कपाटाच्या काचेवर बोटं टेकली. "तुला यंत्राशेजारी बघितलं ना," तो म्हणाला, "की मी आधी बंद करायचं बटण शोधतो. तुझ्या स्वयंपाकघरात मिक्सर लागला तरी शोधतो. तू तिथे नव्हतीस, आर्डी. म्हणजे, होतीस. पण तुझे डोळे मिटलेले होते. मी बघत होतो."

आर्डिथला हे ठाऊक नव्हतं. क्षणभर तिला वाटलं, सोडून द्यावं, याच्यासाठी. मग तिला त्या वाटण्याचाच राग आला.

"डेन्झिल, तू माझा जीव वाचवलास," ती म्हणाली. "उपकार आहेत. पण वाचवलेला जीव तू कपाटात ठेवून कुलूप लावलंयस. मी काय गुलाबी मुठीची आहे? परवान्याची प्रत दे, नाहीतर मी डोंगरापलीकडच्या दुकानातून आणीन. आणि का आणली ते लोक विचारतील, तेव्हा मी खरं तेच सांगीन."

"धमकी देतेस?"

"हो."

त्याने प्रत काढून दिली. पण त्यानंतर तो तिच्याशी बोलायचा बंद झाला, आणि रविवारी चर्चमध्ये तिच्या शेजारी बसेना.

उन्हाळा सरता सरता कार्यक्रमाच्या कचेरीतून फोन आला. बोलणारा माणूस नम्र होता. "मॅडम, तुमचा नंबर लागलाय. चांगल्या प्रतीची पिस्तुलं संपत आलीत, तुमच्यासाठी एखादं राखून ठेवता येईल. त्याच्या खालची आहेत. आणि सगळ्यात खालची आहेत, पण त्यांच्यावर ओरखडे, गंजाचे डाग, सुटे भाग इकडचे तिकडचे. चालतात मात्र व्यवस्थित."

"सगळ्यात खालचं द्या," आर्डिथ म्हणाली.

"मॅडम, थोडे जास्त पैसे घातलेत तर—"

"दिसायला नकोय मला. चालायला हवंय."

पिस्तूल डेन्झिलच्या दुकानात आलं तेव्हा तो स्वतः तिला न्यायला घरी आला. अबोला तिथेच संपला; कुणी मुद्दाम संपवला नाही. खोका काउंटरवर ठेवून त्याने सरकारी अर्ज पुढे ओढला आणि घसा खाकरला.

"नियमाने विचारावं लागतं. तू कायद्यापासून पळालेली आहेस का?"

"तू काय म्हणतोस?"

"आर्डी, हो किंवा नाही."

"नाही."

"तुझ्यावर कुठल्या गुन्ह्याचा खटला?"

"तुझ्या डब्यातलं सफरचंद चोरलं होतं. तू सात वर्षांचा होतास, विसरला असशील."

"नाही, असं लिहितो," डेन्झिल म्हणाला आणि पडताळणीसाठी फोन लावला. पलीकडून होकार आल्यावर त्याने खोका उघडला. तेलकट कागदात ते काळपट, राखाडी लोखंड होतं. काळा मुलामा कडांवरून उडालेला; मुठीची एक बाजू तपकिरी, दुसरी जवळजवळ काळी, दोन वेगळ्या पिस्तुलांवरून आलेली. डेन्झिलने ते रिकामं असल्याची खात्री करून तिच्यापुढे धरलं. आर्डिथने उचललं. जड होतं. खांद्यापर्यंत जाणवावं इतकं जड. तिने भिंतीवरच्या दिनदर्शिकेच्या एका चौकटीवर ते रोखलं आणि हात थरथरायला लागेपर्यंत खाली घेतलं नाही.

"कुठली तारीख मारलीस?" डेन्झिलने विचारलं.

"हात थरथरला. अख्खा महिना गेला."

त्यानंतर रोज संध्याकाळी ती पाण्याने भरलेली दुधाची कॅन उजव्या हाताने समोर धरून ओसरीवर उभी राहायची. शेजारणीने विचारलं, हे काय चाललंय. "दुधाला उजेड दाखवतेय," आर्डिथ म्हणाली.

हिवाळी स्पर्धांचा पहिला शनिवार उजाडला. डेन्झिल तिला घेऊन आला. दुकान बंद ठेवून आला, हे तिने पाहिलं आणि बोलून दाखवलं नाही. ओळीतल्या शेवटच्या टेबलाला तिने ठोकळा बसवला. गार्लंड लगेच आला.

"हे काढ. नेमबाजाला कसलाही आधार चालत नाही."

"हा नेमबाजाला आधार नाही. गोळ्या भरल्या की मी त्याला हात लावत नाही. मारताना माझा हात मोकळाच असणार, तुझ्यासारखा."

"नियमात बसत नाही."

"कुठल्या नियमात? दाखव."

गार्लंडने नियम दाखवला नाही. आवाज चढवला. "सुरक्षिततेची जबाबदारी माझ्यावर आहे. तू ओळीत असलीस तर मी स्पर्धा सुरू करणार नाही."

"मग नको करूस," आर्डिथ म्हणाली, आणि पिस्तूल उघडं, रिकामं, टेबलावर ठेवून तिथेच उभी राहिली.

शेडला एकच शेगडी होती, आणि ती मागे. ओळीत थंडी पायांतून वर चढत होती. कुणीतरी म्हणालं, चल ना आर्डिथ, उगाच कशाला. कुणीतरी म्हणालं, होऊ दे की गार्लंड, तिचं ती बघेल. आर्डिथ लक्ष्याच्या फळ्यांकडे बघत राहिली. तिच्या उरलेल्या दंडात, थंडीत नेहमी ठणकायचं तसं ठणकायला लागलं होतं, आणि तिथे ती कुणाच्याही देखत हात फिरवणार नव्हती. डेन्झिल शेगडीजवळून उठला. तो येऊन तिला घरी चल म्हणेल, असं तिला वाटलं. तो आला, तिच्या मागे दोन पावलांवर उभा राहिला, आणि तिथेच थांबला.

"गार्लंड," होबार्टकाका शेवटी म्हणाले, "नळी कुठे वळते ते बघायचंय ना तुला? मग बघ की. बाई, दाखव त्याला."

आर्डिथने पिस्तूल उलटं करून खाचेत दाबलं, ढकललं, उघडलं, रिकामं मॅगझिन बसवलं, काढलं. नळी समोरच. पुन्हा केलं. तिसऱ्यांदा गार्लंडकडे बघत केलं.

"बरं," गार्लंड म्हणाला. "पण गुण धरले जाणार नाहीत. नुसतं मारून बघ."

पहिली गोळी तिने लक्ष्यावर मारली असं तिला वाटलं. ती मागच्या मातीत गेली. लाथ खरोखरच होती. मनगट वर फेकलं गेलं आणि दातावर दात आपटले. दुसरी कडेला लागली. मग तिला दुधाची कॅन आठवली, आणि हात आपोआप खालून वजन घ्यायला लागला. शेवटच्या फेरीत तिच्या पाच गोळ्यांपैकी तीन काळ्या वर्तुळात होत्या. कान बधिर झाले होते, बोटं सुजली होती, आणि छातीत असं काहीतरी मोकळं झालं होतं, जे बसचं चाक हातात असताना व्हायचं.

स्पर्धेनंतर गार्लंडने भिंतीवरच्या फळ्यावर नावं आणि गुण खडूने लिहिले. पहिला नंबर त्याचाच होता. चौदा नावं लिहून त्याने खडू ठेवला. आर्डिथने आपल्या लक्ष्याचा कागद होबार्टकाकांकडून मोजून घेतला होता. ती पुढे गेली, खडू उचलला, आणि तेराव्या आणि चौदाव्या नावाच्या मधल्या अरुंद जागेत बारीक अक्षरांत आपलं नाव आणि गुण लिहिले.

"ते मोजायचं नाही असं ठरलं होतं," गार्लंड म्हणाला.

"तू ठरवलं होतंस."

गार्लंडने फडकं उचललं. चौदावं नाव होबार्टकाकांचं होतं. डोळ्यात मोतीबिंदू असताना ते हट्टाने यायचे. ते खुर्चीतून उठले.

"तिचं पुसणार असशील तर माझंही पूस," ते म्हणाले. "मी तिच्याहून वाईट मारलंय. ते इथे नीट लिहिलेलं असू दे. माणसाला हरायचाही मान असतो."

  गार्लंडने त्या फडक्याने आपली बोटं पुसली आणि दोन्ही नावं वेगळी, नीट दिसतील अशी आर्डिथच्या नावाखाली खडूने रेघ ओढली. चांगुलपणाने ओढली की चिडून, ते तिला कळलं नाही, आणि तिने पर्वाही केली नाही.

पिकअपमध्ये बसताना तिला पट्टा लावता येईना, बोटं इतकी ताठली होती. डेन्झिलचा हात पुढे आला आणि मध्येच थांबला.

"लावू का?"

"लाव," ती म्हणाली. "आज तेवढं चालेल."

त्याने पट्टा लावला, गाडी सुरू केली आणि डोंगर उतरायला लागला. खालच्या वळणावर तो म्हणाला, "पुढच्या शनिवारी त्याने पुन्हा अडवलं तर?"

"तर पुन्हा उभी राहीन. तू जाड मोजे घाल. आणि गाडी दुकानावरून ने, मला गोळ्या हव्यात."