खुंटीवरचं जाकीट

“हे कोणी धुतलं?” सभागृहाच्या दारातच सोल्फ्रीड थबकली.

दोरीवर कोळ्यांचे स्वेटर, विजारी, जाकिटं ओळीने वाळत होती. साबणाचा वास सुटला होता.

“आम्ही,” गावातली गुनवोर ऐटीत म्हणाली. “सभागृह झाडायला श्रमदानाला आलो होतो. म्हटलं, सिनेमावाले असून कपडे किती गं घाणेरडे! सगळं रफूही केलंय. आभार नकोत, वॅफल खा.”

हसावं की रडावं, सोल्फ्रीडला कळेना. सगळा हिवाळाभर तिने ते कपडे मळवले होते. किसणीने कोपरं झिजवली होती, बाह्यांना माशाचं तेल चोळलं होतं, खिशांत दगड भरून जाकिटं टांगून ठेवली होती. आयुष्यभर तिने हेच केलं. बर्गन शहरातल्या नाटकघरात शिवणकाम करता करता ती सिनेमात आली. पडद्यावरची घरं उभारू लागली, त्यात राहणाऱ्या माणसांचे कपडे करू लागली. आपलं काम कुणाच्या लक्षातच आलं नाही, की तिला समाधान वाटे.

हा तिचा शेवटचा सिनेमा. त्यातला तिच्या सर्वांत जवळचा प्रसंग उद्यावर आला होता. समुद्रात बुडालेल्या कोळ्याची बायको घरी राहिलेल्या त्याच्या जाकिटात तोंड खुपसते.

दिग्दर्शक अस्लाकने जाकीट पाहून कपाळाला हात लावला. “संपलं! यात ती नवऱ्याला कुठे शोधणार?”

“ओरडू नकोस. संध्याकाळपर्यंत पुन्हा मळवते,” सोल्फ्रीड म्हणाली आणि किसणी घेऊन बसली.

“अगं, काय करतेस!” गुनवोर धावत आली. “आत्ता तर कोपर शिवलंय मी!”

सोल्फ्रीडने तिला समजावून सांगितलं. प्रसंग सांगितला, त्या बायकोविषयी सांगितलं. गुनवोर ऐकत राहिली. मग शेजारी टेकली.

“माझा नवरा ओड्वार गेला ना, तेव्हा मी त्याचं जाकीट धुतलं होतं.”

“धुतलंस?”

“होडी सापडली होती, तो नव्हता. म्हटलं, येईल तेव्हा गारठलेला असेल, कोरडं काहीतरी हवं. इस्त्रीसुद्धा केली. जन्मात कधी इस्त्रीचं घातलं नव्हतं त्याने!” ती हसली.

“मग त्याचा वास...”

“गेला. ते मला फार उशिरा कळलं.”

सोल्फ्रीडने किसणी खाली ठेवली.

सकाळी सेटवरच्या खुंटीवर जाकीट होतं. स्वच्छ, रफू केलेलं, कडक इस्त्रीचं. अस्लाक वैतागला. “अगं सोल्फ्रीड, हे कोरं दिसतंय!”

“दिसू दे. ती त्याची वाट बघतेय.”

त्याने जाकिटाची कडक बाही बोटांत धरून पाहिली. मग नटीला बाजूला घेऊन हलक्या आवाजात बोलला.

कॅमेरा चालू झाला. नटीने खुंटीवरून जाकीट काढलं, कॉलर नाकाशी नेली. मग बाही. मग अस्तर. प्रत्येक ठिकाणी फक्त साबण होता. ती रडली नाही. जाकीट मांडीवर घेऊन खाली बसली.

“झालं,” अस्लाक पुटपुटला.

माणसं आवराआवरीला लागली, तशी मागे उभी असलेली गुनवोर पुढे आली. नटीच्या मांडीवरचं जाकीट तिने अलगद उचललं, एकदा झटकलं आणि खुंटीवर टांगलं. मग एकेक बटण गळ्यापर्यंत लावू लागली.

एकाने दिवा बंद करायला हात लांबवला.

“राहू दे जरा,” सोल्फ्रीड म्हणाली.