पहिला सूर

माझ्या सिनेमात कुणी रडत नाही. माणसं भिंतीला पाठ लावून उभी राहतात आणि मरणाबद्दलही औषधाची चिठ्ठी वाचावी तसं बोलतात. कॅमेरा जागचा हलत नाही. एकेक प्रसंग मी वीस-वीसदा करून घेतो, गळ्यातलं पाणी आटेपर्यंत. असे पाच सिनेमे झाले. अथेन्समध्ये त्याला माझी शैली म्हणतात.

चौथ्या सिनेमासाठी मी ग्रीसच्या दक्षिण टोकाला, मानीतल्या आमच्या गावी गेलो, स्तामाता मावशीकडे. आमच्याकडे मेलेल्याला बायका गाऊन निरोप देतात, आणि तिच्यासारखं गाणारी आसपासच्या गावांत नव्हती. समुद्रानं नेलेल्या लेकासाठी तिनं बांधलेलं गाणं मला हवं होतं.

"घरात मढं नसताना गाऊ नये रे," ती म्हणाली. मग माझं तोंड बघून विरघळली. "तुझ्यासाठी म्हणून. एकदाच."

गायली.

उघड रे दार दर्या, पोर माझं भिजलं
अंगावरलं ऊन त्याच्या कुणी रे विझवलं

आवाज टिपणारा आमचा माणूस तोंड फिरवून उभा राहिला. मी म्हणालो, "छान. आता न रडता."

सतराव्या वेळी ती मला हवी तशी गायली. कोरडी. त्याच प्रसंगाला बक्षीस मिळालं.

गेल्या आठवड्यात तिचा नवरा, पोथितोसकाका, गेला. शवपेटीभोवती काळ्या कपड्यांतल्या बायका तिच्या तोंडाकडे बघत बसल्या. मावशीनं सूर लावला, तो सतराव्या वेळचा. दोन ओळींत ती थांबली. शेवटी शेजारच्या गावच्या बाईनं गाणं उचललं. मावशीच्या घरात, मावशीच्या नवऱ्यासाठी, परकी बाई रडली. मी दाराआड उभा होतो.

उद्या काकाचा नववा दिवस, गेलेल्याच्या नावानं प्रार्थनेचा. स्वयंपाकघरात प्रसादाचा गहू शिजत होता, शेजारीण व्हासो डाळिंब सोलत होती.

"लिगोरी," मावशी म्हणाली, "मी पहिल्यांदा गायले ते तुझ्या यंत्रात असेल ना? ऐकते, परत शिकते. उद्या काकाला नीट निरोप देते."

"या वयात शिकवणी?" व्हासो हसली. "भाचा मोठा माणूस झालाय बाई, दारात तरी उभी करील का तुला?"

"शोधतो," मी म्हणालो.

मावशीचा चेहरा उजळला. तिनं डाळिंबाचे चार दाणे माझ्या तळहातावर ठेवले, लहानपणी ठेवायची तसे. ते मी मुठीत मिटून घेतले.

"मावशी, नाहीये ते. मीच पुसायला सांगितलं. फार रडकं झालंय म्हणून."

व्हासोचे हात थांबले. आता मावशी ओरडेल, पळी फेकून मारील, निदान रडेल, याची मी वाट बघत राहिलो.

"पुसलंस," ती म्हणाली, आणि गहू ढवळत राहिली. आवाजात काही नव्हतं. अगदी मला आवडतं तसं, पहिल्याच वेळी.