दुआर्तेच्या लेकीची पेटी

उत्तरेचा वारा सुटला की नागासाकीच्या बंदरातून फिरंग्यांची गलबतं गोव्याकडे निघतात आणि माझं कपाळ उठतं. मी पेट्यांवर चढवतो ती आमची लाख म्हणजे झाडाचा चीक. तो वाळतो दमट हवेत. या कोरड्या वाऱ्यात रुसून बसतो.

दुआर्ते हा गोव्याचा तोफची. पाच वर्षांत घरी गेला नव्हता. लेकीचं लग्न ठरलंय, तिला पेटी न्यायचीय म्हणाला. गलबत परवा सुटायचं आणि झाकणावरचा लाखेचा शेवटचा हात अजून ओला. थांब म्हटलं. थांबतो कुठला! मी जेवायला बसलो तेवढ्यात या शहाण्यानं झाकण उन्हात नेऊन ठेवलं. मग मी तोंडाला येईल ते बोललो.

डोकं चाललं ते माझ्या बायकोचं, ओतामेचं. तिनं झाकण न्हाणीघरात फळीवर ठेवलं आणि दोन दिवस चूल पेटती ठेवली. एवढी वाफ, एवढं गरम पाणी फुकट कशाला घालवायचं, म्हणून दुआर्तेलाही आत पिटाळलं. महिनोन्‌महिने अंगाला पाणी न लावणारा गडी आधी कुरकुरला, मग बाहेरच येईना. आता लेक बापाला ओळखायची नाही, असं ओतामे म्हणाली.

तिसऱ्या दिवशी सकाळी गलबताची तोफ वाजली. जाऊन बघतो तर वाळलं का बघू म्हणून दुआर्तेनं झाकणावर मधोमध अंगठा दाबलेला. लाख अजून चिकट होती, ठसा पक्का उमटला. तीस वर्षांत असलं काम माझ्या दारातून बाहेर गेलं नव्हतं. घासून पुन्हा हात द्यायचा तर आठ दिवस लागतील. पेटी मिळणार नाही, मी सांगून टाकलं.

त्यानं मान खाली घातली. "दादा, पाच वर्षांनी रिकाम्या हातानं तिच्यापुढे कसा उभा राहू?"

मी सोन्याच्या पुडीची डबी उघडली. चिकट लाखेवरच तर ती पूड धरते. पेट्यांवरची फुलंपानं आम्ही अशीच काढतो. मी ठशावर पूड शिंपडली, हळूच फुंकर घातली. अंगठ्याची रेघन्‌रेघ सोन्यात उठली. राहिलेलं दर्यावरच्या दमट हवेत वाळणार होतं.

"लेकीला सांग," मी म्हटलं, "एवढं काम बापाच्या हातचं आहे."

दुआर्ते पेटी पोटाशी धरून, डोळे पुसत धक्क्याकडे पळाला. ओल्या लाखेनं उद्या अंगठा टम्म सुजणार, हे मी त्याला सांगितलं नाही.